दोन विहिणींमधला दुभाष्या

त्याला गल्लीत सगळे सेन्योर म्हणायचे, म्हणजे स्पॅनिशमध्ये साहेब. हे नाव खालच्या लाँड्रीवाल्याने ठेवलेलं. कौतुकाने की चेष्टेने, हे विचारायच्या फंदात सेन्योर कधी पडला नाही. लाँड्रीच्या वरची खोली हा त्याचा क्लास. खाली इस्त्र्या सुरू झाल्या की वरची फरशी तापायची आणि दाराशी काढलेल्या चपला विद्यार्थी मुकाट्याने परत पायात घालायचे. एक पांढरा फळा, चार बाकं, कपाटात शब्दकोश, आणि फक्त सरांकडेच तोंड करून फिरणारा एक टेबलफॅन. एवढ्या भांडवलावर त्याने वीसेक वर्षं स्पॅनिश शिकवलं आणि बऱ्यापैकी नाव कमावलं.

नाव फुकटचं नव्हतं, हेही सांगायला हवं. व्याकरणात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. क्रियापदांची रूपं झोपेतून उठवून विचारली तरी तो धडाधड म्हणून दाखवायचा. त्याची मुलं लेखी पेपरात उत्तम मार्क काढायची. तोंडी परीक्षा ऐच्छिक होती आणि सेन्योर दरवर्षी बजावायचा, "तोंडीच्या नादी लागू नका. लेखीत भरून काढा." मुलांना वाटायचं, सर अनुभवाचे बोल सांगतायत. अनुभव कसला डोंबलाचा! सेन्योर स्पॅनिश शिकला होता पोस्टाने आलेल्या धड्यांवरून आणि झिजलेल्या कॅसेटींवरून. ज्याची ती मायबोली आहे अशा एकाही माणसाशी तो उभ्या जन्मात बोलला नव्हता.

बोलायची वेळ एकदा आली होती. एक परदेशी जोडपं रस्ता चुकून लाँड्रीसमोर उभं राहिलं. लाँड्रीवाल्याला त्यांच्या बोलण्यातले दोन शब्द ओळखीचे वाटले, रोज वरून ऐकू येणारे. त्याने आनंदाने हाळी दिली, "सेन्योर, या खाली! तुमची माणसं आलीयेत!" सेन्योरने आतून हळूच कडी लावली, फॅन बंद केला आणि भिंतीला पाठ लावून श्वास रोखून बसला. शेवटी लाँड्रीवाल्यानेच हातवारे करून त्या दोघांना बस स्टँडवर नेऊन सोडलं. दुसऱ्या दिवशी सेन्योरने त्याला सांगितलं, "अरे, मी बाहेर गेलो होतो काल." लाँड्रीवाला बरं म्हणाला. सेन्योरच्या चपला आदल्या दिवशी त्याच्याच दुकानाच्या पायरीवर होत्या, हे तो भला माणूस बोलला नाही.

अशा माणसाच्या क्लासात एक दिवस ऑपरेटरकाकू आल्या. टेलिफोन खात्यात जन्मभर कानाला हेडफोन लावून बसलेल्या, आता निवृत्त. नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, पदरात एकच लेक, आणि ती लग्न करून थेट स्पॅनिश बोलणाऱ्या मुलखात गेलेली. जावई बोटीवर नोकरीला, सहा-सहा महिने समुद्रावर. लेकीला लग्नानंतर खूप उशिरा दिवस राहिले होते आणि डॉक्टरांनी तिला पलंगावरून उठायला बंदी केली होती. जवळ होती ती फक्त सासू, म्हणजे काकूंची विहीण.

"मला तिच्या बाळंतपणाला जायचंय हो सर," काकूंनी पहिल्याच दिवशी सांगून टाकलं. "पण लेक म्हणते, आई, कशाला दगदग करतेस, सासूबाई आहेत ना. आता हे तिचं मत की सासूबाईंचं, मला कसं कळणार? विहीणबाईंना मी तिथे नकोच असेन तर मी उगाच कशाला जाऊ लुडबुड करायला? मला त्यांनाच विचारायचंय. सरळ. माझ्या तोंडाने. लेक मधे आली की माझं वाक्य तिच्या सोयीचं होतं."

काकूंचं डोकं काही फार चालायचं नाही. क्रियापदं त्यांना आज पाठ, उद्या सपाट. एवढ्याशा पोरी त्यांच्या पुढे निघून गेल्या आणि सेन्योरने त्यांना मागच्या बाकावर बसवलं, कारण त्यांच्या प्रश्नांनी वर्ग अडायचा. पण घरी जाऊन त्या ती एकच विनवणी घोकत राहिल्या: मी आले तर तुम्हाला चालेल का? चार महिन्यांत ते वाक्य त्यांच्या तोंडात असं बसलं की कुणी भाजीचा भाव विचारला तरी तेच बाहेर पडेल.

"विचारेन मी नीट," त्या म्हणाल्या, "पण उत्तर आलं म्हणजे? त्या भराभरा बोलल्या तर? सर, तुम्ही शेजारी बसाल का? मला फक्त सांगा, हो म्हणतायत का नाही."

इथे सेन्योरला नाही म्हणता आलं असतं. काकू, मला बोलणं इतकं समजत नाही, लिहिलेलं समजतं, एवढं एकच वाक्य. पण क्लासातली सगळी पोरं ऐकत होती. "त्यात काय," सेन्योर म्हणाला, "येईन की."

रविवारी दुपारी तो कडक इस्त्रीचा शर्ट घालून काकूंच्या घरी गेला. जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप, समोर दोन खुर्च्या. कोपऱ्यात नवीकोरी सूटकेस उघडीच पडली होती, आत तान्ह्या बाळाची झबली. काकूंनी पासपोर्ट, व्हिसा सगळं आधीच तयार ठेवलं होतं. नाही म्हणाल्या तर सगळं परत कपाटात, त्या हसत म्हणाल्या, पण पदराने तीनदा तोंड पुसलं.

पडद्यावर विहीणबाई आल्या. जाड भिंगांचा चष्मा, ओले हात पुसत होत्या. काकूंनी हात जोडले आणि ते वाक्य म्हटलं. अगदी स्वच्छ, एक अक्षरही न चुकता.

आणि मग विहीणबाई बोलायला लागल्या. सेन्योरने कॅसेटवर ऐकलेली माणसं प्रत्येक शब्दानंतर थांबायची, ही बाई श्वास घ्यायलाही थांबेना. शब्दांच्या शेपट्या खाल्लेल्या, दोन शब्दांमध्ये फट नाही. ती हसली, मग तिला रडू आलं, तिने स्वतःच्या गुडघ्यावर थाप मारली, मागच्या एका दाराकडे बोट केलं. सेन्योरच्या हाताला चार-दोन शब्द लागले, तेही सुटे: खोली, तुमची मुलगी, नाही, डॉक्टर. त्याच्या शर्टाची पाठ भिजली. मग बाई थांबली, पुढे वाकली आणि तिने काहीतरी विचारलं. तो प्रश्न होता एवढं सेन्योरला आवाजावरून कळलं. तिने पुन्हा विचारलं. काकू त्याच्याकडे बघत होत्या, पडद्यातून ती बाई त्याच्याकडे बघत होती.

"सी, सी," सेन्योर म्हणाला. हो, हो. आणि आणखी रुबाब म्हणून जोडून दिलं, "क्लारो." अर्थातच.

बाईचा चेहरा उतरला. तिने मान हलवली, ती काकूंकडे पाहून दोन शब्द पुटपुटली आणि पडदा काळा झाला.

"काय म्हणाल्या?" काकूंनी विचारलं.

सेन्योरने वेळ मारून नेली. "त्या म्हणतात, काळजी करू नका. खोलीबिली, डॉक्टर, सगळी सोय झालीये. तुमच्या मुलीकडे त्या बघतील. आत्ता यायची तशी गरज नाही."

"पण मग त्या रडल्या का?"

"भावनाप्रधान लोक असतात ते," सेन्योर म्हणाला. एकाही स्पॅनिश माणसाला न भेटलेला हा पंडित!

काकूंनी लॅपटॉप मिटला. मग म्हणाल्या, "बरं झालं, विचारलं ते. कळलं तरी." उठून त्यांनी झबली एका पिशवीत भरली, सूटकेस मिटली. ती कपाटावर चढवताना त्यांचा हात पुरेना, म्हणून सेन्योरने वर ढकलून दिली. जाताना काकूंनी त्याचे आभार मानले, आणि ते त्याने घेतले.

घरी बायको टेबलावर भाजी निवडत बसली होती. ती पॅथॉलॉजी लॅबच्या काउंटरवर काम करायची आणि माणसाचा चेहरा तिला रिपोर्टआधी वाचता यायचा. "अहो, नीट झालं ना सगळं? समजलं तुम्हाला?" तिने विचारलं.

"म्हणजे काय? मला नाही समजणार तर कुणाला समजणार?" तो तिच्या अंगावर खेकसला, आणि आतल्या खोलीत जाऊन कानात अडकलेले आवाज एकेक करून कागदावर उतरवू लागला. कागदावर उतरलं की त्याला सगळं कळायचं. संध्याकाळचा दिवा लावायच्या आत तीन-चार जागी शब्दांमध्ये फटी पडल्या आणि आख्खं बोलणं उलगडलं. एकटी. भीती. गुडघा. बाई म्हणाली होती, मी एकटी आहे, मला भीती वाटते, या गुडघ्याने मला रात्रीबेरात्री धावपळ जमणार नाही, तुमच्यासाठी ती खोली मी कधीची झाडून ठेवलीये. पण तुमची मुलगी म्हणते, डॉक्टरांनी तुम्हाला लांबचा प्रवास करायला बंदी केलीये. हे खरं आहे का? म्हणजे तुम्ही नाहीच येणार?

सी, सी. क्लारो.

सेन्योर त्या कागदाकडे बघत बसला. लेकीने आईची दगदग वाचवायला एक थाप मारली होती, आणि तिच्यावर शिक्का याने मारला होता. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण लाज माणसाला दर वेळी चांगलंच करायला लावते असं नाही. उठून फोन केला असता तर दोन मिनिटांत सगळं निस्तरलं असतं. सेन्योरने फोन हातात घेतला, काय बोलायचं ते मनात जुळवलं. काकू, मला काही समजलं नव्हतं. एवढंच तर होतं, आणि एवढ्यासाठीच त्याने फोन खाली ठेवला. उद्या क्लासात सांगू, तो म्हणाला. उद्या क्लासात पोरं होती. परवा काकू आल्या त्या हसतमुखाने, आणि त्यांच्या हसण्यावर पाणी कशाला ओता, असं त्याने स्वतःला पटवलं. बाळंतपणाला अजून अवकाश होता. रोज सांगायचं ठरवायचा आणि रोज फळ्याकडे तोंड करून क्रियापदं लिहीत राहायचा.

बाळ अवकाश ठेवून आलं नाही. एका सकाळी काकूंचा क्लासात फोन आला, मुलगी झाली म्हणून. दिवसांआधीच, घाईघाईने ऑपरेशन करावं लागलं. दोघी सुखरूप होत्या. पोरांनी टाळ्या वाजवल्या. सेन्योर फळ्यासमोर मार्कर धरून उभा राहिला आणि त्या दिवशी त्याने क्लास लवकर सोडला. सरळ काकूंच्या घरी गेला.

काकूंचे डोळे सुजले होते. "लेक काय म्हणाली माहितीये?" त्या दारातच म्हणाल्या. "म्हणाली, आत नेत होते तेव्हा मी तुलाच हाका मारत होते गं, आई. सासूबाई बिचाऱ्या बाहेर एकट्याच, गुडघा धरून बसलेल्या."

"काकू," सेन्योर म्हणाला. "त्या दिवशी त्यांनी तुम्हाला बोलावलं होतं. रडून बोलावलं होतं. मला काही समजलं नाही. तुम्ही नाहीच येणार का, असं त्या विचारत होत्या, आणि मी उगाच हो हो म्हटलं. घरी गेल्यावर कळलं मला, त्याच दिवशी. मी बोललो नाही."

त्याला वाटलं होतं, काकू चिडतील. चार शिव्या हासडतील, आणि शिव्यांनी माणूस जरा हलका होतो. काकू खुर्चीत बसल्या.

"मला ऐकू आलं होतं," त्या म्हणाल्या. "एकटी आहे म्हणाल्या, ते मला कळलं होतं. भीती वाटते, तेही. जन्म गेला माझा ऐकण्यात. पण म्हटलं, आपण मागच्या बाकावरच्या. सर सांगतायत गरज नाही, म्हणजे आपलंच चुकलं असणार."

सेन्योरला तोंड लपवायला जागा उरली नाही. आतापर्यंत त्याला वाटत होतं की आपल्याला समजलं नाही एवढाच आपला गुन्हा. या बाईला समजलं होतं, आणि तिचं समजलेलं त्याने खोडून टाकलं होतं.

काकूंनी लॅपटॉप टेबलावर ओढला. "त्यांना सांगा," त्या म्हणाल्या. आवाजात राग नव्हता, पण नाही म्हणायची सोयही नव्हती. "त्यांना अजून वाटतंय, मीच यायचं टाळलं. तुम्ही सांगा."

पडद्यावर विहीणबाई आल्या, थकलेल्या, चष्मा कपाळावर. काकूंनी सेन्योरकडे बोट केलं. सेन्योर पुढे सरकला. हजारदा फळ्यावर लिहिलेलं वाक्य होतं, पहिल्या महिन्यात शिकवायचा तो ते. मला समजलं नव्हतं. चूक माझी आहे. त्याने ते म्हटलं, शुद्ध व्याकरणात, एकेक शब्द तोलून.

विहीणबाईंनी भुवया आक्रसल्या. झिजलेल्या कॅसेटींवरून उचललेले त्याचे उच्चार त्यांना कळेनात. त्याने पुन्हा म्हटलं, जास्त मोठ्याने. त्यांनी कान पुढे केला आणि मान हलवली. तिसऱ्यांदा सेन्योरने पहिला शब्द म्हटला आणि थांबून काकूंकडे पाहिलं.

तेव्हा काकूंनी लॅपटॉप आपल्याकडे वळवला आणि तेच वाक्य सांगितलं. मोडकंतोडकं, क्रियापद चुकलेलं, मधेच हाताने कान दाखवत. विहीणबाईंचा हात तोंडावर गेला. मग दोघी एकदमच बोलायला लागल्या, अर्धं हिचं, अर्धं तिचं, आणि दोघी रडत होत्या, आणि दोघींना सगळं समजत होतं.

बऱ्याच वेळाने विहीणबाईंनी डोळे पुसले आणि काकूंच्या खांद्यामागे बघत काहीतरी विचारलं. हळू विचारलं होतं म्हणून या वेळी सेन्योरलाही कळलं. हे गृहस्थ कोण?

सेन्योरने मान खाली घातली. काकूंनी सांगावं, कुणी नाही, असाच एक शेजारी, असं त्याने मनातल्या मनात विनवलं.

"माझे सर," काकू म्हणाल्या, चांगल्या ठणठणीत स्पॅनिशमध्ये. "यांनीच शिकवलं मला."