उभं राहण्याचा मान

“बस खाली! बस बे खाली, मास्तर! तुले कोनं सांगतलं उठाले?”

रोहिणखेडच्या शाळेच्या मैदानावर आमचे सुभेदार असे ओरडत होते, की गावातल्या म्हशींनी त्या दिवशी दूध चोरलं म्हणतात. मी काही बसलो नाही. हातात ट्रॉम्बोनचा लांब पितळी भोंगा घेऊन मागच्या रांगेत ताठ उभा राहिलो. पुढच्या रांगेत सॅक्सोफोन घेऊन माझा साडू उभा होता. एका वेळी एकानंच उभं राहायचं, हा आमच्या बँडचा कायदा, आणि तो मी गावादेखत मोडला होता.

सुभेदार आमच्या बँडचे जन्मदाते. फौजेच्या बँडमधून निवृत्त होऊन ते बुलढाण्याला परतले, तेव्हा डीजेनं इथल्या लग्नाच्या बँडवाल्यांना घरी बसवलं होतं आणि त्यांची पितळी वाद्यं माळ्यावर हिरवी पडत होती. सुभेदारांनी ती मागून आणली. माझ्यासारखे मास्तर, कचेरीतले बाबू, भाजीपाला पिकवणारे, ज्याच्या छातीत हवा होती तो प्रत्येक जण देऊळघाटच्या एका गोदामात जमवला आणि आम्हाला जाझ शिकवायला घेतलं. वरातीत चालायचं नाही, खुर्च्यांवर रांगेत बसून वाजवायचं, आणि पैसा घ्यायचा नाही.

“पैसे घेतले की लोक म्हनतीन ते वाजवा लागते,” सुभेदार म्हणायचे. “नाही घेतले की आपन वाजवू ते त्यायले आयका लागते.”

बीबी गावच्या लोकांनी आमचा पहिला कार्यक्रम फार मन लावून ऐकला. अर्धा झाल्यावर पुढे बसलेले एक आजोबा प्रेमानं म्हणाले, “सूर लावनं झालं असंन तर सुरू करा ना बाप्पा आता.”

तर जाझमध्ये सगळे मिळून वाजवतात आणि मध्येच एक जण उठून स्वतःच्या मनातलं वाजवतो. तो मान कायम माझ्या साडूचा. माणूस वांगी पिकवतो, पण सॅक्सोफोन तोंडाला लावला की बायाबापड्या डोळे पुसतात. मला त्याची फक्त पाठ दिसायची. ती पाठसुद्धा सुरात हलायची, हे मला सर्वांत जास्त खुपायचं.

बरं, आम्ही पैसे घेत नाही म्हणून गावं आम्हाला कोरडं सोडत नसत. जो उभा राहून वाजवेल त्याला टोपी-दुपट्टा. साडूकडे इतक्या टोप्या साठल्या, की पुढची जनगणना डोक्यांऐवजी त्याच्या पेटीतूनच करता आली असती. त्याच्या बायकोनं, म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीनं, दुपट्ट्यांच्या गोधड्या शिवल्या. त्यातली एक आम्हालाही पाठवली. हिवाळाभर मी त्या माणसाच्या सत्काराखाली झोपलो. ऊब चांगली होती, म्हणून तर जास्त जळलो.

रोहिणखेडला निघताना मी ठरवूनच टाकलं. आज एक तरी दुपट्टा माझ्या अंगावर पडला पाहिजे.

म्हणून साडू उठला तसा मीही उठलो आणि फुंकलं. असं फुंकलं, की तिकडे राजूर घाटात ट्रकवाल्यांनी मागे मोठी गाडी आली समजून रस्ता दिला. पण दुसऱ्या श्वासाला लक्षात आलं, की मनातलं वाजवायचं तर मनात काहीतरी लागतं. माझ्या मनात जे होतं ते सगळं साडूबद्दल होतं, आणि ते बायकापोरांसमोर वाजवण्यासारखं नव्हतं.

साडूनं मागे वळून पाहिलं. भांडला असता तर बरं झालं असतं. तो हसला, म्हणाला, “वाजवा साडूबुवा, वाजवा,” आणि चक्क खाली बसला. बसल्या बसल्या खालच्या सुरात वाजवत राहिला. मी वरून भोंगा धरून होतो.

टाळ्या पडल्या. अशा पडल्या, की शाळेवरचे पत्रे खिळ्यांतून सुटू पाहत होते. उभा दिसलो मीच, तेव्हा सरपंचांनी टोपी माझ्या डोक्यावर ठेवली आणि दुपट्टा माझ्या गळ्यात टाकला. सुभेदार स्वतःची मिशी चावत होते.

टोपी-दुपट्टा न उतरवता मी घरी आलो. बायको कार्यक्रमाला बहिणीशेजारी अगदी पुढे बसली होती, माझ्याआधी येऊन ती भाकरी थापायला लागलीही होती. मी दुपट्टा तिच्यापुढे पसरला.

“हे घे. आता आपली बी गोधडी सुरू कर.”

तिनं पिठाच्या हातानं कापड चाचपलं आणि बाजूला सारलं.

“काऊन, आयकलं नाही काय?” मी म्हणालो. “अख्खं गाव टाळ्या वाजवून राह्यलं होतं! कोन होतं आज उभं?”

“उभे तुमी होते,” ती तव्यावरची भाकरी उलटत म्हणाली. “वाजवत भाऊजी होते.”