गाण्याआधीची शांतता

अजूनही रिकाम्या घरात शिरताना एका परक्या बाईचा आवाज माझ्या कानात येतो. दोष माझाच आहे, तेव्हा तक्रार कुणाकडे करू?

तंजावूरच्या एका कॉलेजात जुन्या स्पूलच्या फिती कॅसेटवर उतरवण्याचं काम मी कित्येक वर्षं केलं. बाहेर गल्लोगल्ली केबलच्या तारा लोंबायला लागल्या होत्या, आणि मी दार लावून मेलेल्या माणसांची गाणी ऐकत बसायचे. कामाचा भारी तोरा होता मला. खोकला, भांडी, गप्पा, काही म्हणता काही खपवून घ्यायचे नाही. मूळ फितीलाच ब्लेड लावायचं, दोन टोकं चिकटवायची, झालं.

एकदा एक निवृत्त मास्तर आले. आमच्यासारखेच, पिढ्यान् पिढ्या इथलेच मराठी. बायको वर्षभरापूर्वी गेली होती. मेव्हण्याने फार पूर्वी घरी भरून घेतलेली तिच्या गाण्यांची एकच फीत उरली होती. मी म्हटलं, काळजी करू नका, लख्ख करून देते.

दिली. चार दिवसांनी ते कॅसेट घेऊन परत आले. गाणी छान उतरलीत म्हणाले, आणि कॅसेट माझ्या टेबलावर ठेवली.

"मधलं बोलणं कुठे गेलं?"

मुलं तमिळमध्येच उत्तरं देतात, ती गेल्यापासून घरात मराठी बोलणारं कुणी नाही, असं ते हळूहळू सांगत होते. गाणी ती देवळातही म्हणायची, सगळ्यांनी ऐकलीत. बोलणं मात्र घरातलं होतं. आणि ते तुकडे मी टोपलीत टाकले होते, झाडणाऱ्या बाईने कचऱ्याबरोबर जाळलेही होते. मी खरं ते सांगितलं. ते रागावले असते तर बरं वाटलं असतं. "असू दे," म्हणाले आणि छत्री शोधायला लागले.

मेली माझी हुशारी. तेवढ्यात आठवलं, एका गाण्याच्या अगदी आधी ती मोठ्याने काहीतरी बोलली होती. ते मी कापलं होतं, पण त्यानंतरची क्षणभराची शांतता ठेवली होती. फीत वर्षानुवर्षं गुंडाळलेली राहिली की एका वेढ्यातला मोठा आवाज शेजारच्या वेढ्यावर पुसट उमटतो. आम्ही त्याला भूत म्हणायचो आणि वैतागायचो. तिचं बोलणंही त्या शांततेवर उमटलेलं असेल तर?

मूळ फीत अजून माझ्याकडेच होती. मास्तरांना बसवलं, आवाज शेवटपर्यंत वाढवला. नुसती खरखर. मागे घेऊन पुन्हा लावली. तिसऱ्यांदा, दोन खोल्या पलीकडून यावा तसा बाईचा आवाज आला.

"आलात?"

दारात त्यांच्या चपला वाजलेल्या ऐकू आल्या असाव्यात तिला. लगेच गाणं सुरू झालं. मी फीत थांबवली.

मास्तर दाराकडे बघत होते.

"आलो," ते म्हणाले.