रिकामी राहायला हवी होती ती चटई

भुताखेतांवर माझा काडीचाही विश्वास नव्हता. गणित शिकवणाऱ्या बापाची मुलगी मी, पुण्यात अंगात येणाऱ्या बायकांनाही खुशाल शंका विचारायचे! पण एकोणीसशे साठच्या आसपास लग्न होऊन मद्रासला आले, वेस्ट मांबलमच्या कौलारू घरात... आणि हे घडलं.

सासरचे तंजावरकडचे मराठी. नणंद पद्माक्का तिशीची, शाळेत चित्रकला शिकवायची. तिला पाहायला कितीतरी जण येऊन गेले होते. त्या कार्यक्रमाचीच ती फिल्म करत होती, ओळखीच्यांचा, चावी दिली की आपोआप चालणारा कॅमेरा आणून. नवरी तीच, नवरदेव तीच — माझ्या नवऱ्याची वेष्टी, म्हणजे तिकडचं धोतर, नेसून — आणि नाक मुरडणारी वरमाईही तीच!

"दुसऱ्यांनी काढलेलं माझं चित्र पुरे झालं, वैनी. आता मीच काढते," म्हणायची.

शेवटचा शॉट दुपारी तीनला. खोलीला एकच दार, खिडकीला गज. तिपाईवर कॅमेऱ्याचा स्क्रू मी स्वतः आवळला होता. ठरलं होतं असं — नवरी उठून चित्राबाहेर जाणार, मागे रिकामी चटई दिसत राहणार. कोणी मध्येच आत येऊ नये म्हणून मी बाहेरून बंद दाराला पाठ टेकून मोगरा गुंफत बसले. चित्रण संपल्यावर आत गेले, तर कॅमेरा चटईकडेच रोखलेला, स्क्रू घट्ट.

फिल्म धुऊन आली. रविवारी घरातच पडदा लावला. सगळे हसत होते, मामंजी — माझे सासरे — सुद्धा. मग पद्माक्का चटईवरून उठली... आणि चित्र तिच्याबरोबर निघालं! सावकाश, तिच्या पावलानं, थेट खिडकीपर्यंत.

मामंजींनी दिवा लावला. "कॅमेऱ्यामागं कोण होता?"

"कोणी नव्हतं, अप्पा," पद्माक्का म्हणाली.

"अय्यो, मग फिरला कसा?" ते माझ्याकडे वळले. "तू दारांत होतीस की. सांग."

मी दारातून हललेच नाही, कोणी आत गेलं नाही, हे खरं सांगावं तर मला वेड्यात काढतील. नवी सून मी... घाबरून म्हणाले, "मी मध्ये जरा कॉफी करायला उठले होते."

झालं! खोलीत कोणी पुरुष आला होता, हे घरानं पक्कं केलं. मामंजींनी फिल्म बंबात घातली. महिन्याभरात पद्माक्काला मदुरैच्या एका बिजवराला देऊन टाकली.

एग्मोर स्टेशनवर गाडी सुटताना तिनं खिडकीतून विचारलं, "वैनी, तू खरंच उठली होतीस?"

"नाही गं," मी रडतच म्हणाले.

ती चक्क हसली. "सरी, बरं. मणजे मला एकदा तरी कोणी बघितलं की."

जाणकारांना विचारलं, तर म्हणतात स्क्रू सैल झाला असेल. सैल कॅमेरा खाली मान टाकेल हो, माणसामागे कसा जाईल? आजही दुपारचे तीन वाजले की मला बसवत नाही, उगाच घरभर फिरत राहते. कोण बघत होतं, ते मला ठाऊक नाही. मला ठाऊक होतं तेवढं तरी घरात सांगायचं होतं... ते मी बोलले फलाटावर, गाडी हलल्यावर.