खाजेच्या सुईची पिल्लं

आमच्या कुत्रीनं स्वतःची पिल्लं खाल्ली, असं सक्करदऱ्याच्या आमच्या गल्लीत कोणी बोललं की अजूनही माझं डोकं फिरतं. खाणार कुठून? पिल्लं झालीच नव्हती. होत्या त्या खाजेच्या सुया.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. मी लग्न होऊन त्या घरात आले, तेव्हा कुत्री माझ्याआधीपासून तिथं नांदत होती. तांबडी, एक कान फाटलेला. झोपायची आमच्या ओसरीत, पण पोट भरायची गल्लीभर. सकाळी प्रत्येक दारातून तिच्यासाठी भाकरीचा तुकडा पडायचा. सासूबाई तिला जीव लावायच्या, मात्र उंबऱ्याच्या आत पाऊल टाकू द्यायच्या नाहीत. सोवळं ते सोवळं.

दर पावसाळ्यात तिला खाज सुटायची. कडुलिंबाच्या पाण्यानं धुतलं, करंजाचं तेल चोळलं, की जायची. त्या वर्षी मात्र दिवाळी आली तरी जाईना. पाठीचं कातडं खाजवून खाजवून लालभडक झालं. शेवटी सासूबाईंनी सायकलरिक्षा बोलावली, कुत्रीला पायाशी बसवलं, मला शेजारी घेतलं आणि आम्ही ढोरांच्या दवाखान्यात गेलो. तिथं बैलांची रांग. डॉक्टरांनी मानही वर न करता सुई टोचली आणि म्हणाले, "परत सुटली तर परत आणा."

दुसऱ्या दिवशी खाज गायब! सासूबाईंच्या लेखी डॉक्टर देवमाणूस झाले. मग खाज परत सुटली की परत सुई. हिवाळाभर हेच.

हळूहळू कुत्रीचं काहीतरी बदललं. पाणी तर इतकं प्यायची की बादली ठेवली की रिकामी. अंगणातल्या पाण्याच्या टाकीत तोंड घालायची. कधी नव्हे ते ओसरीत मुतायला लागली आणि त्यापायी मार खाल्ला बिचारीनं. भूक तर विचारूच नका. एक पायरी चढली की धापा टाकायची, आणि पोट हे एवढं खाली लोंबायला लागलं.

मला तेव्हा दिवस गेले होते. समोरच्या काकूंनी एकदा माझ्याकडे पाहिलं, कुत्रीकडे पाहिलं आणि टाळी वाजवली. "अवं माय, तुमच्या घरी तं दोन दोन पोटुशा हाय!"

झालं! गल्लीला विषय मिळाला. आमच्याकडे कुत्री व्याली की तिला शिरा घालतात. बाळंतीण ती बाळंतीण, मग चार पायांची का असेना. बायकांनी आधीच रवा-गूळ ठरवून टाकला. पोरांनी पिल्लं वाटून घेतली. तोवर जी ती डोहाळे म्हणून तिच्यापुढे काही ना काही टाकत होती, आणि तिचं पोट आणखी सुटत होतं.

कुत्रीला दोन महिने पुरतात. ते उलटून गेले, तशा सासूबाई घाबरल्या. पिलू आत मेलं असेल तर हीही जाईल, म्हणून पुन्हा रिक्षा. डॉक्टरांनी पोट दाबून पाहिलं. "पोटात काही नाही हो. सुयांनी होतं असं. तहान वाढते, भूक वाढते, पोट सुटतं. आता बंद करू."

"तुमाले मालूम होतं?" सासूबाईंनी विचारलं. "मंग तवाच काहून नाही सांगतलं? आमी तिले मुतली म्हणून मारून राहिलो!"

"तुम्ही विचारलं कुठं?" डॉक्टर म्हणाले आणि पुढच्या बैलाकडे वळले.

काय विचारायचं होतं आम्ही? सुई टोचल्यावर कुत्री पाण्याची टाकी रिकामी करेल का, हे? ज्याला ठाऊक आहे त्यानं गप्प बसायचं आणि ज्याला ठाऊक नाही त्यानं विचारायचं, हा कुठला न्याय? घरी येईपर्यंत मी रिक्षावाल्यालाही सगळं ऐकवलं.

बाळंतपणाला मी माहेरी, कन्हानला गेले. सुया बंद झाल्यामुळे इकडे कुत्रीचं पोट उतरत गेलं. लेकीला घेऊन परत आले तर कुत्री हाडं दिसेपर्यंत वाळलेली, आणि सकाळी आमचं दार सोडलं तर एकाही दारातून तुकडा पडेना. पोट होतं, ते गेलं, पिल्लं दिसली नाहीत; म्हणजे खाल्ली! सासूबाईंनी दारोदार जाऊन डॉक्टरांचं म्हणणं सांगितलं होतं. "सुईनं कदी पोट येते का वं?" म्हणून बायका तोंडाला पदर लावून हसल्या.

बारशाच्या दिवशी बायका जमल्या. सासूबाईंनी शिऱ्याच्या बशा वाटल्या. समोरच्या काकू पाळण्यात वाकून बाळाला पाहत होत्या, आणि मला म्हणाल्या, "लेकराले ओसरीत निजवू नको वं. ते पिल्लं खाणारी तिथंच राहते."

मी तोंड उघडणार, तोच सासूबाई उठल्या. काकूंच्या पुढची न उष्टावलेली बशी त्यांनी उचलली आणि उंबऱ्याशी जाऊन हाक मारली, "ये वं माय, अंदर ये."

कुत्री उंबऱ्यावर अडखळली. इतक्या वर्षांत तिला आत कोणी बोलावलं नव्हतं. सासूबाईंनी तिला मानेला धरून आत घेतलं, पाळण्याखाली बसवलं आणि बशी तिच्यापुढे ठेवली.

"खाय," त्या म्हणाल्या. "तुयाच नावचा रवा होता हा."