दिवेलागणीच्या आत

चपला बाहेर काढायच्या, भिंतीला टेकून बसायचं आणि चहा पिण्याआधीच म्हणायचं, "आबा, पोरगी दिवेलागणीच्या आत दारात. माझा शब्द हाय." आमच्या खेळाच्या सरांना तुम्ही माझ्या वडिलांसमोर तसं बसलेलं पाहिलं असतं, तर स्थळ घेऊन आलेत असंच वाटलं असतं.

नव्वदनंतरची पहिली दोन-चार वर्षं. बारामतीच्या आमच्या कॉलेजात मुलींचा फुटबॉल संघ काढायचं ठरलं. सरांनी सणसरपासून इंदापूरपर्यंत घरोघर जाऊन पोरी मागून आणल्या. सगळ्या खो-खोच्या. सरही खो-खोचेच. फुटबॉल ते पुस्तकातून शिकत होते, आमच्यापेक्षा एखादं पान पुढे.

खो-खोत धावणारीला मध्येच माघारी वळता येत नाही, खांबापर्यंत जाऊनच वळायचं. पहिल्या सामन्यात चेंडू मागे राहिला तरी आम्ही सरळ धावत गेलो, गोलच्या खांबाला हात लावला आणि मगच वळलो. तेवढ्यात आमच्यावर गोल झाला. लोक पोट धरून हसत होते. सर शांतपणे म्हणाले, "पोरींनो, हितं कुठूनबी वळा. फाउल न्हाय."

वळायला शिकलो, मग जिंकायलाही. हंगामाच्या शेवटी अंतिम सामना आमच्याच मैदानावर होता. जिंकणारा संघ नागपूरला जाणार होता. मी तोवर पुणंसुद्धा पाहिलं नव्हतं.

प्रमुख पाहुणे दीड तास उशिरा आले, मग त्यांचं भाषण. सामना एक-एक असा बरोबरीत सुटला. पंच म्हणाले, जादा वेळ खेळवू. सरांनी मावळतीकडे पाहिलं. इंदापूरची एसटी सुटायला वीस मिनिटं होती, आणि पुढची गाडी अंधारात पोचायची.

"आमी थांबत न्हाय," ते पंचांना म्हणाले.

मी कप्तान. सगळ्यांदेखत ओरडले, "सर, अर्धाच तास! घरची मान्सं काय खात्यात का तुमाला?"

"त्यो अर्धा तास माझा न्हाय, बाळ. तुज्या आबांचा हाय. आज शब्द मोडला, तर पुढल्या साली तुमाला कोण पाठवंल?"

कप समोरच्या संघाला गेला. एसटीत कुणीही सरांशी बोललं नाही. मी तर त्यानंतर बोललेच नाही. फार राग होता.

जूनमध्ये मैदानावर एकोणीस जणी आल्या, आदल्या सालापेक्षा कितीतरी जास्त. कप सोडून सरांनी दिवेलागणीच्या आत पोरी घरी आणल्या, ही गोष्ट गावोगाव पोचली होती. माझ्या धाकट्या बहिणीलाही आबांनी आपणहून पाठवलं. फक्त सर नव्हते. संस्थेने त्यांची बदली केली होती. कुठे, ते शिपायालाही माहीत नव्हतं. त्यांच्या जागी आलेले सर स्वतः फुटबॉल खेळलेले होते.

घरी सांगितलं तेव्हा आबा म्हणाले,

"त्ये मास्तर न्हाईत? मग कुणाकडं बघून पाठवू?"

आम्ही दोघी बहिणी आता येणार नाही, तेवढा निरोप द्यायला मी दुसऱ्या दिवशी गेले. आणखी दोघी तसाच निरोप घेऊन आल्या होत्या. बाकी मैदान रिकामं. आमचं ऐकून घेतल्यावरही नवे सर चेंडू काखेत धरून एसटी स्टँडच्या रस्त्याकडे पाहत उभे राहिले.