खोलीची शांतता

गुन्ह्यांवर माहितीपट करते म्हटलं की जळगावात लोक पहिल्यांदा विचारतात, भीती नाही वाटत? वाटते ना, पण खुन्यांची नाही. मेलेल्याच्या आईसमोर खुर्ची टाकून बसायची वाटते.

नरडाण्याजवळच्या एका गावातल्या अक्का अशाच. त्यांचा मुलगा एका कारखान्यात पहारेकरी होता. गोदामातला माल पळवणाऱ्यांना त्याने अडवलं, म्हणून त्यांनी त्याला मारलं. कोर्टानेही तेच म्हटलं. पण गावात पहिल्याच दिवशी आवई उठली होती की तोही चोरच, वाटणीवरून भांडण झालं असणार. गाव निकालपत्र थोडंच वाचतं! मयतीला भाऊबंदांपलीकडे कोणी आलं नाही. शोकसभेचं तर कोणी नावही काढलं नाही.

"मना आंडोर चोर नई व्हता, हाई गावले समजाले पाहिजे," एवढीच अक्कांची अट. मी हो म्हणून बसले. चॅनेलवाल्यांना मात्र 'चोर की पहारेकरी?' हा प्रश्न शेवटपर्यंत ताणायचा होता. त्यांच्याशी फोनवर तावातावाने भांडून झालं होतं, आणि शेवटचा शब्द त्यांचाच असणार हेही ठाऊक होतं.

शूटिंग पाहायला अंगणात अर्धं गाव बसलेलं. दाराशीच शेजारचे आबा, ज्यांच्या ओट्यावर ती आवई शिजली होती. अक्का न अडखळता बोलल्या. मुलाखत संपली की आम्ही नुसत्या खोलीचा आवाज थोडा वेळ रेकॉर्ड करतो. पुढे एडिटिंगमध्ये सांधे जुळवायला तो लागतो. आमचा साऊंडवाला नेहमीसारखं म्हणाला, "आता सगळ्यांनी जरा वेळ एकदम शांत राहायचं."

अक्का उठल्या. डोक्यावर पदर घेतला आणि मुलाच्या फोटोकडे तोंड करून मान खाली घातली. मला काही कळेना. मग अंगणातली माणसं एकेक करून उभी राहायला लागली, आणि माझ्या डोक्यात प्रकाश पडला. सभेत, शाळेत, आपल्याकडे सगळ्यांना असं गप्प राहायला सांगतात ते श्रद्धांजलीलाच. आबा तेवढे बसून होते. इकडेतिकडे पाहिलं, मग भिंतीला धरून तेही उठले आणि त्यांनी टोपी काढली.

खुर्च्या सरकल्या, बांगड्या वाजल्या, कोणी खोकलं. रेकॉर्डिंगचं पार मातेरं. साऊंडवाला पुन्हा सांगायला तोंड उघडणार, तोच मी त्याच्याकडे असं पाहिलं की तो गप्पच झाला. मला रडू येत होतं आणि ते लपवायचंही सुचलं नाही.

अक्का बसल्यावरच बाकीचे बसले.

निघताना त्यांनी माझा हात हातात घेतला. "बठ्ठं गाव उभं ऱ्हायनं, ताई," त्या म्हणाल्या. "आते तुमनी फिल्म दाखाडा, नईतं नका दाखाडा."