सासुरवाडी चुकवून जंगलात

एका टोपीवाल्या माणसाने माझी बायको पळवून नेल्याची बातमी एका रविवारी सकाळी कुही तालुक्यात पसरली. तो टोपीवाला माणूस मीच होतो. नवऱ्याने स्वतःचीच बायको पळवण्याचा हा प्रकार आमच्या घराण्यात तरी पहिलाच असावा, आणि तो घडला केवळ आम्ही दोन दिवसांच्या सुट्टीचं फार व्यवस्थित नियोजन केलं म्हणून.

मी नागपूरला खेटून असलेल्या कोराडीला वीज केंद्रात कारकून आहे आणि तिथल्याच कॉलनीत राहतो. मुलगी शिकायला पुण्याला गेली, घर रिकामं झालं, आणि एका संध्याकाळी संगीता (म्हणजे आमची सौभाग्यवती) खिडकीवरची राख पुसता पुसता म्हणाली, "अवो, आपण कुठंतरी जाऊ. दोघंच."

"जाऊ ना! महाबळेश्वर?"

"नाई. एक दिवस नागपूरले. हॉटेलात राहू, मस्त गाण्याचा कार्यक्रम ऐकू. आणि दुसऱ्या दिवशी जंगल. पायी."

"पायी काहून? जिप्सी मिळते ना!"

"जिप्सीत बसून धूळच खायची तं कॉलनी काय वाईट आहे?"

हे जंगल म्हणजे कुठलंही जंगल नव्हे. (खरं तर ते अभयारण्य आहे, पण कॉलनीत आम्ही नेहमी 'नॅशनल पार्क' म्हणतो, वजन पडतं.) संगीताच्या माहेरच्या तलावाच्या पाळीवर उभं राहिलं की त्याची काळी रेघ दिसते. लहानपणी तिचे भाऊ मोहफुलं वेचायला, टेंभरं खायला तिथे हुंदडायचे. ती मागे लागली की मामाजी, म्हणजे माझे सासरे, एकच वाक्य म्हणायचे, "पोरीच्या जातीचं तिथं काय काम?" त्यामुळे तिचं सगळं लहानपण ती रेघ लांबून बघण्यात गेलं. आता तिथे गाईडला सोबत घेऊन पायी फिरता येतं, हे तिने मोबाइलवर वाचलं आणि तेव्हापासून तिच्या डोक्यात दुसरं काही शिरत नव्हतं. मीसुद्धा मनाशी ठरवलं, की काहीही होवो, हिला ते जंगल दाखवायचंच.

अडचण एकच होती. रस्ता सासुरवाडीच्या फाट्यावरून जात होता!

बाहेरच्या माणसाला ही अडचण कळायची नाही. आमच्याकडे जावई गावाजवळून न थांबता गेला तर सासऱ्याची मान खाली जाते, आणि थांबला तर जावयाला पुन्हा उठता येत नाही. मागे एकदा उमरेडला लग्नाला जाताना 'नुसता चहा घेऊन निघू' म्हणून आम्ही फाट्यावरून आत वळलो होतो. चहा झाला, मग नाश्ता, मग मोठ्या काकांकडचं जेवण, मग धाकटे काका रुसतील म्हणून त्यांच्याकडचं जेवण. तिकडे उमरेडला लग्न लागलं, वरात निघाली, नवरी सासरी पोहोचून माप ओलांडती झाली, आणि आम्ही अजून चुलत सासऱ्यांच्या ओसरीवर पाटोडीचा रस्सा ओरपत होतो.

म्हणून आम्ही दोन थापा तयार केल्या. सासुरवाडीला कळवलं, की प्लांटमध्ये दुरुस्तीचं शटडाउन आहे, महिनाभर सुट्टीचं नाव नाही. कॉलनीत सांगितलं, की दोन दिवस सासुरवाडीला चाललो. (कोराडीचा माणूस नागपूरला हॉटेलात राहायला चालला म्हटलं असतं, तर आमच्या घटस्फोटापर्यंत चर्चा गेली असती.) दोन्ही थापा आपापल्या जागी झकास होत्या. त्या दोघींची कधी गाठ पडेल, हे काही माझ्या डोक्यात आलं नाही.

तयारी मात्र मी जोरदार केली. मोठ्या काठाची टोपी घेतली, काळा गॉगल घेतला आणि अंगभर खिसे असलेलं एक जाकीट घेतलं. ते घालून मी आरशासमोर उभा राहिलो तेव्हा संगीता म्हणाली, "वाघ बिचारा हसून हसून मरंन." तिने स्वतःची तयारी एकच केली, आपला मोबाइल घरातच फ्रिजवर ठेवून दिला. "दोन दिवस मले कोणाची मुलगी नाई व्हायचं, कोणाची सून नाई, कोणाची आई नाई आणि कोणाची काकूही नाई." मला तिचं पटलं. नवरा त्या यादीत नव्हता, हे माझ्या लक्षात आलं आणि बरंही वाटलं.

शनिवारी हॉटेलच्या काउंटरवरच्या माणसाने माझं आधार कार्ड बघितलं, मग मला बघितलं.

"कोराडी? हे काय, इथंच आहे जी!"

"हो."

"मग हॉटेल काहून पाहिजे?" त्याची नजर संगीताकडे वळली. "मॅडमचंही कार्ड दाखवा."

"घ्या," संगीता ठसक्यात म्हणाली. "भाऊ, आमच्या लग्नाले बावीस वर्षं झाली. संशय येण्यासारखं आता काही राहिलं नाई."

संध्याकाळी गाण्याचा कार्यक्रम होता. सभागृहात मोबाइल बंद करायची सूचना झाली, मी आज्ञाधारकपणे बंद केला. विलंबित सुरू झालं तेव्हा मी जागा होतो, एवढं मला नक्की आठवतं. त्यानंतरचं आठवतं ते थेट टाळ्या! संगीता मात्र डोळे मिटून, मांडीवर बोट आपटत शेवटपर्यंत रंगून गेली होती. हॉटेलवर परतेपर्यंत ती गुणगुणत होती, आणि ती गुणगुणते हे मी किती वर्षांत ऐकलं नव्हतं याचं मला वाईट वाटलं. या सगळ्यात मोबाइल पुन्हा चालू करायचा राहिला.

रविवारी उजाडता उजाडता मोटरसायकलवर निघालो. थंडी मी म्हणत होती. दोघांनीही डोळ्यांपुरती फट ठेवून दुपट्टे गुंडाळले होते, आणि थंडीइतकाच त्याचा उपयोग सासुरवाडीच्या फाट्यासाठी होता. फाटा आला. मी वेग वाढवला. मागून पाठीत बुक्की बसली.

"थांबा! मारुती आहे."

"अगं, कोणी पाहीन!"

"पाहू द्या. देवासमोरून असंच जाता येते का?"

थांबलो. ती उतरली आणि तिने चक्क दुपट्टा सोडला. "तोंड झाकून देवाले नमस्कार करत नसतात," असं म्हणून ती शांतपणे हात जोडून उभी राहिली. समोरच सासुरवाडीच्या संपतची चहाची टपरी! त्याने मला ओळखू नये म्हणून मी घाईघाईने टोपी चढवली, गॉगल लावला, दुपट्टा आणखी आवळला आणि त्याच्याकडे पाठ करून उभा राहिलो. यापेक्षा संशयास्पद माणूस त्या फाट्यावर कधी उभा राहिला नसेल.

यानंतरचं मला मागाहून कळलं. सकाळी आमच्या शेजारच्या चौधरी काकूंना तांदळाची आठवण झाली. मामाजींच्या शेतातला तांदूळ अर्धी कॉलनी खाते, त्यामुळे त्यांचा नंबर काकूंकडे होता. काकूंनी लावला फोन!

"भाऊ, नवा तांदूळ निघाला असंन नं? जवाई तिथंच आहेत तं त्याईच्या गाडीवर एक कट्टा पाठवून द्या."

"कोन जवाई?"

"आता! तुमचे! कालच निघाले नं दोघं तुमच्याकडं."

"बाई, त्याईले तं सुट्टीच नाई म्हने!"

"सुट्टी नाई? घराले कालपासून कुलूप आहे!"

मामाजींनी मला फोन लावला, बंद. मग संगीताला लावला. काकू तेवढ्यात आमच्या दाराला कान लावून उभ्या होत्या. त्यांनी दुसऱ्या फोनवरून कळवलं, "भाऊ, आत फोन वाजून राहिला, पण कोणीच उचलून नाई राहिलं!" सासूबाईंनी हंबरडा फोडला. आणि बरोबर त्याच वेळी संपत दूध घ्यायला मामाजींकडे पोहोचला.

"संगीताताई? सकाळी फाट्यावर पायली ना मी! मारुतीसमोर हात जोडून उभी होती बिचारी."

"आन जवाई?"

"जवाई कुठचे! टोपीवाला होता कोनीतरी. तोंड बांधून, काया चश्मा लावून. बोलला नाई, चालला नाई. गाडीवर बसवून जंगलाकडं घेऊन गेला तिले."

मग कोणीतरी विचारलं, "मंग जवाईचं काय केलं असंन त्यानं?" यावर सगळ्या गावाने म्हणे डोळ्यांना पदर नाहीतर दुपट्टा लावला. माझ्याबद्दल गावाला एवढं वाईट वाटण्याची ती पहिलीच वेळ!

आम्हाला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. ईश्वर नावाच्या गाईडच्या मागून आम्ही सागाच्या वाळक्या पानांवरून चाललो होतो. संगीता पुढे होती, आणि मी थंडीमुळे टोपी, गॉगल, दुपट्टा तसाच ठेवून मागे. ती दर दोन पावलांवर थांबायची, झाडाच्या सालीला हात लावायची आणि लहान मुलीसारखं विचारायची, "हा मोहा का जी?" ईश्वरने हो म्हटलं की वळून माझ्याकडे बघायची, जणू तो मोहा तिनेच लावला होता. मी तिला इतकं खूश फार दिवसांत पाहिलं नव्हतं. माझ्या जाकिटाचे खिसे फटाफट उघडत मिटत होते म्हणून ईश्वर मला दोनदा रागावला, पण त्याचं मला काही वाटलं नाही.

तेवढ्यात वरून वानर खेकसलं. लगेच दुसरं. ईश्वरने हात वर केला.

"कॉल आहे," तो कुजबुजला. "मोठं जनावर येऊन राहिलं. हलू नका."

मी हललो. म्हणजे बायकोच्या मागे गेलो. (तिला पाठीमागून काही होऊ नये म्हणून!) बांबूचं बेट सळसळलं. पानं चुरचुरली. एक जनावर नव्हतं, पाच-सहा असावीत. संगीताने माझा हात घट्ट धरला. बांबू बाजूला झाला आणि त्यातून मामाजी बाहेर आले.

हातात काठी. मागे माझा मेहुणा गज्जू, मागे दोन्ही चुलत सासरे, आणि सगळ्यांत मागे संपत, बोट रोखून!

"हाच तो! टोपीवाला!"

गज्जूने माझी कॉलर धरली. मी "अरे गज्जू, मी आहे, मी!" असं ओरडत होतो, पण दुपट्ट्यातून ते फक्त "म्म! म्म!" असं बाहेर पडत होतं.

"सांग, जवाई कुठं आहे आमचा?" गज्जूने मला गदागदा हलवलं. "बोल! काय केलं त्याचं?"

मेहुण्याचं माझ्यावर एवढं प्रेम असेल याची मला कल्पना नव्हती. ते आणखी वाढायच्या आत संगीताने माझा दुपट्टा ओढून काढला. "अरे सोड गा! भाऊजीच आहेत तुझे!"

गज्जूने कॉलर सोडली. मामाजींनी आधी माझ्याकडे बघितलं, मग मुलीकडे, आणि काठी टाकून तो सत्तरीचा माणूस तिथेच पानांवर बसून ढसाढसा रडायला लागला.

"पोरी, मले वाटलं तू गेली वं."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. संगीता त्यांच्याजवळ बसली. तीही रडत होती.

"बापाच्या घरावरून तोंड लपवून जाते का कोनी?" मामाजी म्हणाले. "सांगाले काय झालं होतं?"

"सांगतलं असतं तं तुम्ही जेवू घालून परत धाडलं असतं बाबा. मले हे जंगल पाहाचं होतं. लहानपणी तुम्ही कधी येऊ देलं का?"

मामाजींनी नाक पुसलं. मग ते वर झाडांकडे बघत राहिले. शेवटी ईश्वरच म्हणाला, "आता इथं ससाही नाई दिसणार. चला घरी."

घरी गेलो. मी साहेबांना फोन करून रजा वाढवली. रात्रभर मामाजी कूस बदलत होते असं सासूबाई म्हणाल्या. पहाटे बघतो तर मामाजी कानाला मफलर बांधून अंगणात उभे. त्यांनी ईश्वरला आधीच निरोप धाडला होता.

"चाल वं संगीता," ते म्हणाले. "तुले जंगल दाखवतो."

संगीताने पायात चपला कशाबशा सरकवल्या. मीही धडपडत उठलो आणि जाकीट चढवलं. मामाजींनी हात जोडले.

"जवाईबापू, तुम्ही काहून उठले? जवाईले पायी हिंडवलं तं लोक मले काय म्हनतीन? तुम्ही आराम करा."

बाप-लेक निघून गेले. मला अंगणात आंब्याच्या सावलीत खुर्ची मिळाली, आणि थोड्या वेळाने गाव यायला लागलं. मारला गेलेला जावई जिवंत आहे म्हटल्यावर कोण घरी बसेल! लोक जथ्याजथ्याने यायचे, फाटकाशी उभे राहायचे, बोट दाखवायचे. एक आजीबाई जवळ येऊन, नीट निरखून, "हाच का वं तो?" असं सासूबाईंना विचारून गेल्या. एकाने मोबाइलवर माझा फोटो काढला. "गलबला करू नका बाप्पा, जेवून राहिले ते," असं सासूबाई सगळ्यांना दबक्या आवाजात सांगत होत्या आणि माझ्या पानात गोळाभातावर तेलाची धार सोडत होत्या. तिसरं जेवण झाल्यावर मी हालचाल जवळजवळ बंद केली.

दुपारी दोघं परत आली. संगीताच्या साडीला गवताची कुसळं चिकटली होती, केस विस्कटले होते आणि चेहरा असा फुलला होता, की मी घास तसाच ठेवून तिच्याकडे बघत राहिलो. मामाजी तर अंगणातूनच ओरडले, "वाघ पायला! पोरीनं माह्या आधी पायला!"

"खरंच?" मी म्हणालो. "कसा होता गं?"

संगीताने मला खुर्चीपासून ताटापर्यंत एकदा निवांत बघून घेतलं.

"तुमच्यासारखाच. खाऊन सावलीत पसरला होता. जिप्सीतले इतके लोक पाहून राहिले, पण जागचा हलला नाई."

यावर माझ्याजवळ फार चांगलं उत्तर होतं. पण तोवर तोंडात गोळाभात गेला होता.